बदलापूरची पश्चिम कुठे आहे?

बेलवली, मांजर्ली, हेंद्रेपाडा, वालिवली ही बदलापूर पश्चिम. कुळगाव, कात्रप, खरवई, शिरगाव ही पूर्व. बदलापुरात घर शोधणाऱ्याला पहिला प्रश्न विचारला जातो तो हाच, पूर्वेला हवे की पश्चिमेला? आता होकायंत्र घेऊन बेलवलीतल्या एखाद्या गच्चीवर चढून पाहा. रेल्वेचे रूळ तुमच्या नैऋत्येला आहेत. म्हणजे आपण ज्या बाजूला पश्चिम म्हणतो, ती रुळांच्या ईशान्येला पसरली आहे. सूर्य इथे ‘पश्चिमे’कडच्या नदीच्या अंगाने उगवतो आणि ‘पूर्वे’कडच्या डोंगरांमागे मावळतो.

या उलट्या दिशांचा उगम कल्याणला आहे. मुंबईहून निघालेल्या गाडीच्या डाव्या हाताला येणारी ती पश्चिम आणि उजव्या हाताला येणारी ती पूर्व, अशी मध्य रेल्वेच्या प्रवाशांची रीत. दादर, घाटकोपरपर्यंत ती नकाशाशी जुळते. कल्याणला मात्र मार्गाला दोन फाटे फुटतात. एक कसाऱ्याच्या घाटाकडे जातो, दुसरा आग्नेयेकडे वळून अंबरनाथ, बदलापूर, वांगणी करत कर्जतला पोहोचतो. गाडी वळली, पण डाव्या हाताचे नाव बदलले नाही. छत्रपती शिवाजी महाराज टर्मिनसपासून ६८ किलोमीटरवरच्या या गावाने आपल्या दिशा रेल्वेकडून घेतल्या, त्या अशा.

हे गमतीपुरते सांगितलेले नाही. बदलापूर स्वतःला रेल्वेचे गाव समजते. सकाळची लोकल पकडणाऱ्यांसाठी ते खरेच आहे. पण या गावाची जमीन, पाणी, पूर आणि इतिहास समजून घ्यायचा तर रूळ बाजूला ठेवून नदीपासून सुरुवात करावी लागते.

उल्हास नदी राजमाचीच्या परिसरातल्या डोंगरांत उगम पावते. कर्जत, नेरळ ओलांडून ती बदलापूरला येते आणि कल्याणच्या पुढे खाडीला मिळते. सुमारे १२० किलोमीटरची ही वाट माणसाने फार पूर्वीच वापरायला घेतली. प्राचीन कल्याण बंदरातला माल घाटावर नेण्याच्या वाटांपैकी एक याच खोऱ्यातून वर चढत होती. राजमाचीच्या पायथ्याची कोंढाणे लेणी, घाटावरची कार्ले लेणी आणि मधल्या वाटेवर नजर ठेवणारा राजमाचीचा जोडकिल्ला हे सगळे त्या वाहतुकीचेच साक्षीदार. अंबरनाथचे शिलाहारकालीन शिवमंदिरही याच टापूतले, वालधुनीच्या काठावरचे. त्यावरच्या शिलालेखात शके ९८२, म्हणजे इ. स. १०६० हे साल आहे. इतके कोरीव मंदिर रानात एकटे उभे राहत नाही. त्यामागे भाताची सुपीक जमीन, कर देणारी गावे आणि वाहती वाट असावी लागते.

ग्रेट इंडियन पेनिन्सुला रेल्वेच्या अभियंत्यांनी वेगळे काही केले नाही. १८५३ साली ठाण्यापर्यंत आणि १८५४ साली कल्याणपर्यंत आलेली गाडी त्यांना भोर घाटातून पुण्याकडे न्यायची होती. घाटाच्या पायथ्यापर्यंत सपाट जमीन मिळत होती ती उल्हासच्या खोऱ्यात. १८५६ साली कल्याण ते खोपोली मार्ग सुरू झाला. घाटातला रेल्वेमार्ग पुरा व्हायला मात्र १८६३ साल उजाडले. डोंगर आणि नदी यांच्या मधल्या पट्टीवरून रूळ गेले आणि बदलापूरचे दोन भाग झाले.

या पट्टीचा उतार ध्यानात घेण्यासारखा आहे. कुळगावच्या बाजूला चंदेरी आणि माथेरानची रांग, बेलवली-हेंद्रेपाड्याच्या बाजूला नदी. पावसाचे पाणी डोंगरावरून नदीकडे निघते आणि वाटेत त्याला रेल्वेचा भराव आडवा येतो. मोऱ्यांमधून जेवढे मावेल तेवढे जाते, बाकीचे थांबते. बेलवलीच्या भुयारी मार्गात जोराच्या पावसात पाणी साचते, तेव्हा आपण पंप आणि गटार यांच्यावर बोलतो. त्या बोलण्यात तथ्य आहेच. पण भरावाखालची खोलगट जागा ही पाण्याचीच वाट आहे, आणि आपण तिच्यातून गाड्या नेतो.

आता नदीबद्दलची एक गोष्ट, जी बदलापूरकरांना शाळेतच सांगायला हवी. कोकणातल्या बहुतेक नद्या उन्हाळ्यात आटतात. उल्हास बदलापूरला मे महिन्यातही वाहताना दिसते. याचे कारण घाटमाथ्यावर आहे. मावळात ठोकरवाडीला आंध्रा नदीवर टाटांनी धरण बांधले. आंध्रा इंद्रायणीला मिळते, इंद्रायणी भीमेला, भीमा कृष्णेला. म्हणजे हे पाणी मुळात बंगालच्या उपसागराकडे निघालेले. ते डोंगराच्या पोटातून वळवून सुमारे पाचशे मीटर खाली भिवपुरीच्या वीजकेंद्रात सोडले जाते. हे केंद्र १९२२ साली सुरू झाले. मुंबईला वीज देऊन मोकळे झालेले पाणी उल्हासमध्ये उतरते आणि बदलापूरच्या बंधाऱ्यापाशी येते. महाराष्ट्र जीवन प्राधिकरण ते तिथे उचलते. बदलापूरच्या घरातल्या तांब्याभर पाण्यात मावळातल्या पावसाचा वाटा आहे तो असा.

बारवी धरणाची कहाणी निराळी. औद्योगिक विकास महामंडळाने बांधलेले हे धरण १९७२ सालचे. पुढे त्याची उंची टप्प्याटप्प्याने वाढवली गेली आणि आता त्यात सुमारे ३४० दशलक्ष घनमीटर पाणी मावते. त्यासाठी मुरबाडच्या बाजूची गावे आणि पाडे उठले. त्या विस्थापितांचा लढा कित्येक वर्षे चालला. बारवीचे पाणी नदीतून जांभूळला जाते, तिथे ते शुद्ध होते आणि कारखान्यांना व शहरांना पुरवले जाते. खाली मोहने आणि शहाडलाही उल्हासमधून पाणी उचलतात. कल्याण-डोंबिवली, ठाणे, भिवंडी, मीरा-भाईंदर अशा शहरांच्या नळांत ही नदी आहे, आणि त्यांपैकी अनेकांना ती कुठून येते हे ठाऊक नाही. उल्हासनगराने तर तिचे नावच घेतले. दुसऱ्या महायुद्धातल्या लष्करी छावणीत सिंधमधून आलेल्या निर्वासितांनी संसार मांडले आणि ८ ऑगस्ट १९४९ रोजी त्या वसाहतीला उल्हासनगर हे नाव मिळाले.

बदलापूर या शेजाऱ्यांपेक्षा उशिरा वाढले. भात पिकवणारी, जांभळाच्या झाडांची गावे होती ही. बदलापूरच्या जांभळाला आता भौगोलिक मानांकन मिळाले आहे, आणि त्याच वेळी जांभळाची झाडे इमारतींसाठी पडत आहेत, याचे मला फार वाईट वाटते. १९८३ साली कल्याण महापालिका झाली तेव्हा अंबरनाथ आणि बदलापूर तिच्यात होते. पुढे दोन्ही गावे बाहेर पडली आणि इथे कुळगाव-बदलापूर नगरपरिषद आली. २००१ च्या जनगणनेत शहराची लोकसंख्या एक लाखाच्या आत होती, २०११ साली ती पावणेदोन लाखांच्या आसपास गेली. ठाणे-डोंबिवलीत घर न परवडलेले कुटुंब इथे आले. त्याने स्थानकापासूनचे अंतर मोजले, नदीपासूनचे मोजायचे त्याला कोणी सांगितले नाही.

मग २६ जुलै २००५ चा महापूर आला. आणि २०१९ साली त्याच तारखेच्या रात्री मुंबईहून कोल्हापूरला निघालेली महालक्ष्मी एक्स्प्रेस बदलापूर आणि वांगणीच्या मध्ये, चामटोलीजवळ पुरात अडकली. दुसऱ्या दिवशी राष्ट्रीय आपत्ती प्रतिसाद दल, नौदल, हवाई दल आणि आसपासच्या गावकऱ्यांनी हजारभर प्रवाशांना सुखरूप बाहेर काढले. देशाने ते दृश्य पाहिले. पश्चिमेतल्या तळमजल्यांवरच्या घरांत त्याच वेळी शिरलेले पाणी मात्र कमी जणांनी पाहिले.

पुराचे कारण गूढ नाही. माथेरान, लोणावळ्याच्या डोंगरांवर वर्षाला चार-पाच हजार मिलिमीटर पाऊस पडतो. ते पाणी घाटातून झपाट्याने उतरते आणि बदलापूरच्या सपाटीवर येऊन मंदावते. खाली खाडीला भरती असेल तर निचऱ्याचा वेग आणखी घटतो. मंदावलेले पाणी आडवे पसरते, आणि जिथे पसरते ती जागा पूर्वी भाताची खाचरे होती. खाचरात चार दिवस पाणी उभे राहिले तरी शेतकरी घाबरत नसे. तळमजल्यावरच्या स्वयंपाकघराचे तसे नाही.

जलसंपदा विभाग नदीच्या पूररेषा आखतो. निळी रेषा पंचवीस वर्षांतून एकदा येऊ शकणाऱ्या पुराची, लाल रेषा शंभर वर्षांतल्या पुराची. उल्हासच्या पूररेषांवरून बदलापुरात बराच वाद झाला, कारण बांधकामाचे हिशेब त्यांच्यावर अवलंबून आहेत. घर घेणाऱ्याने हा नकाशा स्वतः मागून पाहावा, असे मी आग्रहाने सांगेन. पावसाळ्यात आणखी दोन आकडे लक्षात ठेवावेत. बदलापूरला उल्हासची इशारा पातळी १६.५० मीटर आहे आणि धोका पातळी १७.५० मीटर. दोन्हींत अंतर एका मीटरचे. बदलापुरात पाऊस थांबलेला असला, तरी कर्जतकडे कोसळत असेल तर हा मीटर भरू शकतो.