मागच्या सीटवरचा दोस्त कुणाच्या पॉलिसीत?

गुरुवार उजाडला की ऑफिसच्या ग्रुपवर मेसेज फिरायला लागतात. ‘कोलाड? राफ्टिंग?’ शनिवारी पहाटे पाच-सहा बाइक्स पेणच्या दिशेने सुटतात, प्रत्येकीवर दोघं. वडखळला नाश्ता, नागोठण्यात चहा, मग सुकेळी खिंड. काही जण पुढे रोह्यापर्यंत जातात. मुंबई-गोवा हायवेची कीर्ती सांगायला नकोच, इथलं रुंदीकरण २०११ पासून गाजतंय.

समजा, खिंडीतल्या ओल्या वळणावर बाइक घसरली. समोर ट्रक नाही, म्हैस नाही. स्पीड जास्त होता, इतकंच. चालवणाऱ्याला खरचटलं, पण मागच्या मैत्रिणीच्या मांडीचं हाड मोडलं. ऑपरेशन, फिजिओथेरपी, तीन महिने बिनपगारी रजा. खर्च कोण देणार? ‘अरे, इन्शुरन्स आहे ना!’

आहे, पण कुठला?

आपल्यातले बरेच जण फक्त थर्ड पार्टी पॉलिसी घेतात, कारण ती सक्तीची आणि स्वस्त. २०२२ मध्ये सरकारने ठरवलेल्या दरांत १५० ते ३५० सीसी बाइकसाठी ती वर्षाला १,३६६ रुपयांची होती. आता गंमत बघा. पहिली पार्टी तुम्ही, दुसरी कंपनी, म्हणजे मागे बसलेली मैत्रीण तिसरी, असं कुणालाही वाटेल. कायद्याला तसं वाटत नाही. मोटार वाहन कायद्याच्या कलम १४७ नुसार ज्यांना कव्हर देणं बंधनकारक आहे, त्यांत बाइकवर फुकट मागे बसणारा येत नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने २००६ मध्ये तिलक सिंग प्रकरणात सांगितलं आणि २००८ मध्ये पुन्हा सांगितलं. म्हणजे कंपनी हात वर करू शकते आणि भरपाईचा दावा उरतो थेट तुमच्यावर. तुमच्या जिगरी मैत्रिणीला, किंवा तिच्या आईवडिलांना, तुमच्याविरुद्ध ट्रिब्युनलमध्ये उभं राहावं लागतं. मैत्रीचं काय होत असेल, कल्पना करा.

पॅकेज पॉलिसी, म्हणजे आपण जिला कॉम्प्रिहेन्सिव्ह म्हणतो ती असेल, तर चित्र वेगळं. तिच्यात मागे बसणाऱ्याची जबाबदारी कंपनीवर येते, हे विमा नियामकाने नोव्हेंबर २००९ च्या परिपत्रकात स्पष्ट केलं आणि सर्वोच्च न्यायालयाने बालकृष्णन प्रकरणात त्यावर शिक्कामोर्तब केलं.

खरी मेख नव्या बाइकची आहे. सप्टेंबर २०१८ पासून पाच वर्षांची थर्ड पार्टी घ्यावीच लागते. शोरूममध्ये त्यासोबत बहुधा एका वर्षाचं, आपल्या बाइकच्या नुकसानीचं कव्हर जोडलं जातं. वर्ष सरलं की ते संपतं, थर्ड पार्टी मात्र चालूच. पोलिसाने अडवलं तरी कागद चोख, म्हणून आपण निर्धास्त! मोबाइलमधली पीडीएफ उघडा. ‘लायबिलिटी ओन्ली’ लिहिलंय का? मग मागे बसणारा यात आहे का, हे कंपनीला ईमेलवर विचारा. एजंटच्या तोंडी ‘सगळं कव्हर आहे हो’वर जाऊ नका. आणि त्यातलं १५ लाखांचं वैयक्तिक अपघात कव्हर? ते गाडी चालवणाऱ्या मालकाचं, म्हणजे तुमचं. मागच्याचं नाही.

चूक समोरच्या ट्रकची असेल तर मात्र तुमची मैत्रीण त्या ट्रकच्या दृष्टीने अस्सल थर्ड पार्टी. ट्रकची विमा कंपनी देणं लागते. चूक दोघांची असली तरी तिला सगळी भरपाई दोघांपैकी कुणाही एकाकडून मागता येते, असा २०१५ चा निकाल आहे. आणि ट्रिपल सीट? दंड होईल, तो व्हायलाच हवा. पण तिघं बसले होते एवढ्यावरून मागच्याची भरपाई कापता येत नाही, त्या तिघांमुळेच अपघात झाला हे दाखवावं लागतं. सर्वोच्च न्यायालयाने जानेवारी २०२० मध्ये तसं म्हटलंय.

अपघात पेण-रोह्याच्या पट्ट्यात झाला म्हणून प्रत्येक तारखेला अलिबागची फेरी मारायलाच हवी असं नाही. जखमी व्यक्ती जिथे राहते तिथल्या ट्रिब्युनलमध्येही अर्ज चालतो. १ एप्रिल २०२२ पासून त्यासाठी सहा महिन्यांची मुदत आली आहे. तिला सर्वोच्च न्यायालयात आव्हान दिलं गेलंय, पण त्या भरवशावर बसू नका. एफआयआरची प्रत, हॉस्पिटलची बिलं, पगाराच्या स्लिपा पहिल्या आठवड्यापासूनच एका फाइलीत लावायला घ्या.