काँक्रीटमधील बोल्ट का निसटतो?

आम्हा कापडवाल्यांचे रॅक रिकामे कधीच नसते. वीस ताके म्हणजे सहज शंभर किलोचे ओझे, आणि खाली गिऱ्हाईक बसलेले. म्हणून कारागीर भिंतीत काय ठोकतो, हे आपण स्वतः पाहिले पाहिजे.

लाकडी गुट्टी सुकून आक्रसते व ढिली पडते. प्लास्टिकची गुट्टी घड्याळ-पाटीपुरती ठीक. ओझ्यासाठी लोखंडी अँकर फास्टनर घ्यावा. नट आवळताच तो भोकात फुगून काँक्रीटला घट्ट धरतो. पोकळ विटेत मात्र त्याची पकड बसत नाही. तेथे रॅकचे पाय जमिनीवरच टेकवावेत.

भोकासाठी हॅमर ड्रिल आणि फास्टनरला नेमून दिलेल्या मापाचा कार्बाइड टोकाचा बिट हवा. गिलावा ओझे पेलत नाही, म्हणून भोकाची खोली गिलावा सोडून मोजावी. बीमच्या कडेला भोक पाडू नये, कड फुटते. सळई लागल्यास जागा बदलावी. भोकातील भुकटी पंपाने काढावी, नाहीतर पकड कच्ची राहते.

शेवटी पान्याने नट आवळून पाहावा. बोल्ट नटाबरोबर फिरला किंवा बाहेर सरकला, तर दुसऱ्या जागी नवा बसवावा. मगच माल चढवावा, असा आमचा सल्ला आहे.