कोरी जागा, भरलेली जागा

बातमी छापून आली की आपण तिच्यावर बोलतो. चहा पिता पिता बोलतो, भाजी निवडताना बोलतो, कधी कधी तर अगदी हमरीतुमरीवर येऊन बोलतो. पण जी बातमी आलीच नाही, तिच्याबद्दल कोण बोलणार? ती तर आपल्याला माहीतच नसते! बचत गट आणि दारूबंदीच्या कामामुळं गेली पंधरा-सोळा वर्षं आमच्या तालुक्यातल्या वार्ताहरांशी माझा संबंध येतो. त्यातून एवढं नक्की कळलं, की पानावर काय येतं तसंच काय येत नाही, हेही कुणीतरी ठरवत असतं. कधी सरकार ठरवतं, कधी पैसा ठरवतो आणि कधी कधी आपण वाचकच ठरवतो.

सरकारनं ठरवलं म्हणजे काय होतं, हे आमच्या सासूबाईंच्या पिढीनं पाहिलं. त्या आणीबाणीबद्दल बोलायला लागल्या की पहिली आठवण निघते ती रेडिओची. १९७६ मध्ये आकाशवाणीवरून किशोरकुमारची गाणी एकाएकी गायब झाली. का, ते कुणी सांगेना. सरकारी कार्यक्रमात गायला त्यानं नकार दिला म्हणून ही शिक्षा होती, हे लोकांना नंतर समजलं. त्याच्या आदल्या वर्षी, २५ जून १९७५ च्या रात्री आणीबाणी पुकारली गेली, तेव्हा दिल्लीत वर्तमानपत्रांच्या छापखान्यांची वीजच तोडली होती. मग सेन्सॉर आला. बातमी आधी सरकारी अधिकाऱ्याला दाखवायची, त्यानं होकार दिला तरच छापायची! ‘इंडियन एक्स्प्रेस’नं २८ जूनला अग्रलेखाची जागा कोरी सोडली. एक अक्षरही न लिहिता वाचकाला सगळं सांगून टाकलं.

आपल्या महाराष्ट्रात दुर्गाबाई भागवतांनी काय केलं, ते तर प्रत्येक मुलीला शाळेत शिकवायला हवं असं मला वाटतं. बी.ए.ला असताना त्यांचं ‘ऋतुचक्र’ वाचलं होतं, तेव्हा झाडाफुलांवर इतक्या हळुवारपणे लिहिणारी बाई अशीच माझी समजूत होती. डिसेंबर १९७५ मध्ये कऱ्हाडला साहित्य संमेलन भरलं. दुर्गाबाई अध्यक्ष होत्या आणि स्वागताध्यक्ष होते केंद्रात मंत्री असलेले यशवंतराव चव्हाण. त्यांच्या समोर, भर मंडपात, दुर्गाबाई लेखनस्वातंत्र्याच्या बाजूनं ठामपणे बोलल्या आणि आजारी जयप्रकाश नारायणांसाठी सगळ्यांना प्रार्थना करायला लावली. पुढं १९७६ मध्ये त्यांना अटक झाली. पण बाई काही मऊ पडल्या नाहीत.

आणि ‘बॉबी’ची गोष्ट! फेब्रुवारी १९७७ मध्ये निवडणुकीचा प्रचार सुरू होता. दिल्लीत रामलीला मैदानावर रविवारी जयप्रकाशजी आणि जगजीवनराम यांची सभा होती. नेमक्या त्याच संध्याकाळी दूरदर्शननं ठरलेला सिनेमा बदलून ‘बॉबी’ दाखवला. त्या काळात टीव्हीवर ‘बॉबी’ म्हणजे घरातून कोण हलणार? तरीसुद्धा लोक सभेला गेले, प्रचंड गर्दी झाली. लोकांना वेडं समजू नये, एवढंच यावरून म्हणते.

तेव्हाची ही बंदी निदान डोळ्यांना दिसायची. कोरी जागा दिसायची, बंद पडलेलं गाणं लक्षात यायचं. २००९ च्या विधानसभा निवडणुकीत महाराष्ट्रात जे झालं, त्यात कोरी जागा कुठंच नव्हती. पानं अगदी गच्च भरलेली होती. उमेदवारांच्या सभा, पदयात्रा, त्यांचं बालपण, त्यांची विकासकामं, सगळं कसं बातमीसारखं, बातमीच्या टायपात. ज्येष्ठ पत्रकार पी. साईनाथ यांनी ‘द हिंदू’मध्ये हे प्रकरण बाहेर काढलं, तेव्हा ‘पॅकेज’ हा शब्द सगळ्यांना कळला. म्हणजे लाखांत पैसे मोजायचे आणि त्या बदल्यात अमुक इतक्या बातम्या, इतके फोटो, एखादी मुलाखत. ज्यानं पैसे दिले नाहीत, त्याचं नावच नाही! एखाद्या गरीब, प्रामाणिक बाईनं अपक्ष म्हणून उभं राहायचं ठरवलं असतं, तर मतदारांना ती रिंगणात आहे हेसुद्धा कळलं नसतं.

त्या वेळचे मुख्यमंत्री अशोक चव्हाण यांच्याबद्दलचा एक लेख तर एकमेकांशी स्पर्धा करणाऱ्या वर्तमानपत्रांत जसाच्या तसा, शब्दन् शब्द छापून आला होता. विधानसभेच्या उमेदवाराला तेव्हा खर्चाची मर्यादा दहा लाखांची होती. चव्हाणांनी हिशेबात वर्तमानपत्रांतल्या जाहिरातींवरचा खर्च दाखवला ५,३७९ रुपये आणि केबल टीव्हीवरचा ६,००० रुपये. आपण पैसे देऊन बातम्या छापून घेतल्या नाहीत, असं त्यांचं म्हणणं होतं. प्रकरण बरीच वर्षं चाललं. जुलै २०१४ मध्ये निवडणूक आयोगानं त्यांचा हिशेब नियमाप्रमाणे नाही असं म्हटलं, तर सप्टेंबरमध्ये दिल्ली उच्च न्यायालयानं आयोगाचा तो आदेश रद्द केला. कोर्टाचा निकाल तो निकाल. पण एकच लेख एकाच सुमारास वेगवेगळ्या वर्तमानपत्रांच्या हातून शब्दशः कसा लिहून होतो, हे कोडं सामान्य वाचक म्हणून मला अजून सुटलेलं नाही.

प्रेस कौन्सिलनं दोघांची समिती नेमली. तिनं ७१ पानांचा अहवाल दिला, नावानिशी. पण जुलै २०१० मध्ये कौन्सिलनं स्वीकारला तो छोटासा, नावं गाळलेला अहवाल. मोठा अहवाल माहितीच्या अधिकारात लढून, केंद्रीय माहिती आयोगाच्या आदेशानंतर, २०११ मध्ये लोकांसमोर आला. म्हणजे बातम्या दडवण्याबद्दलचा अहवालच दडवला गेला होता! आणि पैसे देऊन छापलेल्या बातम्यांच्या प्रकरणात पहिलं सदस्यत्व गेलं ते कुणाचं? उत्तर प्रदेशातल्या बिसौलीच्या आमदार उमलेश यादव यांचं, २०११ मध्ये, २१,२५० रुपये हिशेबात दाखवले नाहीत म्हणून. नियम तो नियम, त्यांचं समर्थन मी करत नाही. पण सापडली ती बाई आणि रक्कम वीस-बावीस हजारांची, हे वाचून जरा हसूच आलं.

हे सगळं वाचताना मोठ्या लोकांचं मोठं राजकारण वाटतं. आता माझ्या डोळ्यांसमोर घडलेलं सांगते.

आमच्या शेजारच्या गावात बायकांनी देशी दारूचं दुकान बंद करायचं ठरवलं. ‘उभी बाटली, आडवी बाटली’ तुम्हाला माहीत असेलच. गावातल्या पंचवीस टक्के महिला मतदारांनी सह्यांचं निवेदन द्यायचं, अधिकारी सह्या पडताळतात, मग गुप्त मतदान होतं. दुकान बंद व्हायला हवं असेल तर आडव्या बाटलीवर शिक्का. यात खरी मेख पुढंच आहे. आडव्या बाटलीला नुसती जास्त मतं पडून भागत नाही. गावातल्या एकूण महिला मतदारांपैकी निम्म्याहून अधिक बायकांनी आडव्या बाटलीला मत द्यावं लागतं. समजा गावात हजार महिला मतदार आहेत. चारशे नव्वद जणी आडव्या बाटलीला आणि फक्त दहा जणी उभ्या बाटलीला मत देऊन गेल्या, तरी दुकान चालूच राहतं. जी घरी बसली, तिचं मत आपोआप दुकानदाराला! म्हणून मतदानाची तारीख प्रत्येक बाईपर्यंत पोचणं हीच निम्मी लढाई असते.

तारीख जाहीर झाल्यावर आम्ही वार्ताहराकडं गेलो. पोरगा चांगला, बायकांच्या कामाबद्दल आस्था असलेला. पण तालुक्याच्या वार्ताहराला पगार असा नसतोच. मिळतं ते किरकोळ मानधन आणि आणलेल्या जाहिरातींवर कमिशन. वर्धापनदिन आला, दिवाळी आली की त्याच्यावर जाहिरातींचा कोटा पडतो. तो खाली मान घालून म्हणाला, “ताई, बातमी पाठवतो मी. पण दुकानमालकाची वाढदिवसाची पानभर जाहिरात आहे या आठवड्यात. वर काय करतील सांगता येत नाही.” दारूची जाहिरात करायला कायद्यानं बंदी आहे, हे खरं. पण दारू विकणाऱ्याच्या वाढदिवसाला कुठला कायदा अडवणार? पानभर फोटो, शुभेच्छुक म्हणून पन्नास नावं. आमच्या बातमीला चार ओळीसुद्धा मिळाल्या नाहीत.

मतदानाच्या दिवशी बायका आल्या. कडेवर पोरं घेऊन आल्या, एक दिवसाची मजुरी बुडवून आल्या. आडव्या बाटलीला उभीपेक्षा कितीतरी जास्त मतं पडली, तरी निम्म्याचा आकडा थोडक्यात हुकला. ऊसतोडीला गेलेल्या बायका होत्या, वस्तीवर राहणाऱ्या होत्या, कुणाला सासऱ्यानं घराबाहेर पडू दिलं नाही. नुसत्या एका बातमीमुळं हरलो असं मी म्हणणार नाही. पण वस्तीवरच्या दोघी-तिघी नंतर भेटल्या त्या म्हणाल्या, “आमास्नी ठावंच न्हवतं ओ ताई, कवा हुतं मतदान.” दुसऱ्या दिवशी मात्र त्याच पेपरात बातमी आली. मथळ्याचा अर्थ असा, की गावातल्या महिलांनी दारूबंदी नाकारली! आमच्या मावशींनी तो मथळा नातवाकडून दोनदा वाचून घेतला. “मी कवा नाकारली?” एवढंच त्या विचारत होत्या.

वार्ताहराला मी दोष देत नाही. त्यालाही घर आहे. अगदी कमी पैशांत घरपोच पेपर हवा हा हट्ट आपलाच ना? कागद आणि छपाईचा खर्च तेवढ्यात कसा भागणार? तो जाहिरातदार भागवतो, आणि मग ज्यानं भागवलं त्याचं ऐकावं लागतं. टीव्हीचंही तेच. कोण काय बघतं हे मोजणारी यंत्रं कितीतरी वर्षं फक्त लाखावर वस्तीच्या शहरांतल्याच घरांत बसवलेली होती. खेड्यापाड्यातली घरं या मोजणीत धरायला लागले ते २०१५ पासून. म्हणजे तोवर आमच्या मावशी रोज संध्याकाळी मालिका बघत होत्या, पण त्या बघतात याची नोंदच कुठं नव्हती. मालिकेतल्या बायका घरात सुद्धा दागिन्यांनी मढून का वावरायच्या, याचं थोडंफार उत्तर इथं आहे.

वाचकांचा म्हणजे समाजाचा दट्ट्याही काही कमी नसतो. र. धों. कर्वे यांनी १९२७ पासून ‘समाजस्वास्थ्य’ मासिक चालवलं. बायकांना वारंवार बाळंतपणातून सोडवणारं संततिनियमन त्यांनी मराठीत सांगितलं. त्याबद्दल काय मिळालं? अश्लीलतेचे खटले. १९३४ च्या खटल्यात डॉ. बाबासाहेब आंबेडकर त्यांच्या बाजूनं उभे राहिले, तरी दंड झालाच. सरकारपेक्षा समाजच त्यांच्या जास्त मागं लागला होता. तो दट्ट्या गेला असं समजू नका. २०१६ मध्ये एका मोठ्या मराठी दैनिकानं भावना दुखावल्याच्या कारणावरून आदल्या दिवशी छापलेला अग्रलेख दुसऱ्या दिवशी मागं घेतला. छापलेला अग्रलेख! पत्रकारांवर आणि वर्तमानपत्रांच्या कचेऱ्यांवर इतके हल्ले झाले, की २०१७ मध्ये महाराष्ट्राच्या विधिमंडळाला त्यासाठी वेगळा कायदा मंजूर करावा लागला.

आता आपल्या पुरवण्यांचंही बोलायला हवं. (संपादकताई, हा भाग कापू नका हं!) संक्रांतीला काळ्या साड्या, गुढीपाडव्याला सोनं, मार्चमध्ये महिला दिनाला कर्तबगार महिला, आणि त्यांच्याच शेजारी गोरेपणाचं क्रीम. मला साडीही आवडते आणि पाककृतीही मी कापून ठेवते. पण बाळंतपणासाठी तालुक्याच्या दवाखान्यात डॉक्टर नाही, हा विषय या पानांवर वर्षातून किती वेळा येतो? त्याला जाहिरातदार मिळत नाही, हे एक कारण. दुसरं म्हणजे आपण तसं पत्र लिहून मागतही नाही. पाककृतीत मीठ लिहायचं राहिलं तर वीस पत्रं येतात!

आमच्या गटानं गेल्या वर्षीपासून एक उद्योग सुरू केलाय. महिन्याच्या बैठकीला आठवडाभराचे पेपर घेऊन बसायचं आणि रंगीत पेन्सिलींनी खुणा करायच्या. वाढदिवस, सत्कार, कुणाच्या कामाची नुसतीच स्तुती, अशा मजकुराला लाल. बाईच्या रोजच्या जगण्याशी संबंध असलेल्या बातमीला निळी. लाल पेन्सिल लवकर झिजते, हे सांगायला नकोच. ज्यांना वाचता येत नाही, त्या बायकांचे फोटो मोजतात. एका आठवड्यात सगळ्यात जास्त फोटो सराफाच्या जाहिरातींतच निघाले. आता जाहिरात कुठली आणि बातमी कुठली, हे मावशी नुसता कागद बघून ओळखतात. “ह्यो पैशाचा,” असं म्हणून बोट ठेवतात आणि बहुतेक वेळा ते बरोबर निघतं.

त्या गावात सह्या गोळा करायला पुन्हा सुरुवात झाली आहे. या वेळी तारीख अंगणवाडीच्या भिंतीवर खडूनं लिहायची, रिक्षावर कर्णा लावून वस्त्यांवर फिरायचं आणि ऊसतोडीच्या बायकांना त्यांच्या मुकादमाच्या फोनवरून निरोप द्यायचा, असं ठरलंय. पोरींनी मोबाइलवर गावातल्या बायकांचा गट केला आहे, तिथंही रोज आठवण जाईल. वार्ताहरालाही कळवलं आहे. “बघतो ताई,” असं म्हणालाय.