वर्दी गेली, बाईचं कुंकू का नाकारलं?

संक्रांतीला आम्ही तामलवाडीच्या बायका सोलापूरला गड्ड्याच्या यात्रेला जातो. आधी सिद्धरामेश्वरांचं दर्शन, मग पाळणे आणि खरेदी. यंदा लेकीच्या हट्टापायी ‘मौत का कुआँ’च्या पायऱ्या चढले.

लाकडी फळ्यांची ती उंच विहीर. खालून मोटरसायकल वेग घेत उभ्या भिंतीवर चढली. तो वेगच गाडीला भिंतीशी धरून ठेवतो. वेग कमी पडला, की संपलंच! दोन्ही हात सोडून फिरणारा चेहरा बघितला आणि चरकलेच. आमच्याच गल्लीतला फौजी!

सुट्टी संपूनही तो कामावर हजर झाला नव्हता. कोर्ट मार्शल होऊन बडतर्फ झाला. अशा शिक्षेत आधीच्या नोकरीचं पेन्शनही सहसा जातं. माजी सैनिकाच्या सवलती मिळत नाहीत. वॉचमनच्या नोकरीलाही आधी फौजेतले कागद मागायचे.

खेळ संपल्यावर तोच पुढे आला. म्हणाला, “वहिनी, इथं कुणी कागद मागत नाही. गाडी चढती का, एवढंच बघतात.”

खरंच आहे. १८८० साली विष्णुपंत छत्र्यांनी पहिली भारतीय सर्कस काढली, तीही घोडेस्वारीच्या कसबावर. खेळाच्या तंबूत कसबाला मोल. पण पोटासाठी रोज जीव टांगणीला लावावा लागतो, त्याचं काय?

मैत्रिणींनो, चूक त्याची होती, शिक्षाही झाली. पण त्याच्या बायकोला हळदीकुंकवाला बोलवायचं बंद केलं, ते आपण बायकांनीच. त्यात मीही होते. हे लिहिताना मान खाली जाते.

एक गोष्ट तेव्हा कुणीच तिला सांगितली नाही. कोर्ट मार्शलच्या निकालाविरुद्ध दाद मागता येते. २००७ च्या कायद्याने त्यासाठी सशस्त्र दल न्यायाधिकरण झालं, मुंबईतही त्याचं खंडपीठ आहे. मात्र मुदत असते, म्हणून लाजेनं घरात न बसता लगेच वकील गाठावा.

रथसप्तमीच्या आत तिच्या घरी वाण घेऊन गेले. तिनं कुंकू लावलं, तिळगूळ दिला. मग हळूच विचारलं, “ताई, तुम्ही बघितलं ना? हात सोडून चालवतेत का हो? मला तर नाही म्हणून सांगतेत.”

मला खोटं बोलवेना. खरंही सांगवेना. नुसता तिचा हात धरून बसले.