‘कावळा शिवला’ याच्या पुढे

आज सत्तरीत असलेल्या अनेकांच्या बालपणी आई तीन दिवस बाजूला बसली, की मुलांना उत्तर मिळे, ‘तिला कावळा शिवला.’ त्या उत्तराने प्रश्न थांबत असे, माहिती मात्र मिळत नसे. आज आपण जे टाळू, ते नातवंडांना मोबाइलवर अर्धवट आणि विकृत रूपात मिळते. आईवडील कामावर असताना घरी बहुधा आजी-आजोबाच असतात. म्हणून हा विषय त्यांचाही आहे.

यातील मुख्य नियम एकच: बदल घडण्यापूर्वी माहिती पोहोचावी. मुलींमध्ये वयात येण्याची लक्षणे साधारण ८ ते १३ आणि मुलांमध्ये ९ ते १४ या वयात दिसू लागतात. मुलींची स्तनवाढ सुरू झाल्यावर सुमारे दोन-अडीच वर्षांनी पाळी येते. तेवढा अवधी आपल्या हाती असतो. पूर्वकल्पना नसलेली मुलगी रक्त पाहून आजाराच्या भीतीने ते लपवते. झोपेत वीर्यस्खलन झालेला मुलगा ‘धातू जातो’ या धास्तीने भोंदू वैदूंच्या जाहिरातींना बळी पडतो. वास्तविक दोन्ही गोष्टी निरोगी वाढीच्या खुणा आहेत.

पाच-सहा वर्षांच्या मुलाला सर्व अवयवांची योग्य नावे आणि नकोशा स्पर्शाला ‘नाही’ म्हणण्याचा हक्क सांगावा. आठ-नऊ वर्षांच्या मुलीला पाळी समजावून पॅड वापरून दाखवावे. मुलग्यांनाही पाळीची माहिती द्यावी. अकरा-बारानंतर गर्भधारणा, आकर्षण आणि परस्परसंमती यांविषयी बोलावे.

शाळेची जबाबदारीही मोठी आहे. राज्य मंडळाच्या अभ्यासक्रमात मानवी प्रजननाचा सविस्तर पाठ दहावीच्या विज्ञानात येतो. तोवर बहुतेक मुलींना पाळी सुरू होऊन काही वर्षे लोटलेली असतात. म्हणून चौथी-पाचवीतच डॉक्टरांचे संवादसत्र व्हावे. स्वच्छतागृहात पाणी आणि झाकणाची कचरापेटी असावी, शिक्षिकेकडे जादा पॅड असावेत.

घरी आजीने शिवाशीव आणि दही-लोणच्याची बंदी सोडावी. कापड वापरल्यास ते साबणाने धुऊन उन्हात वाळवावे. पॅड किंवा कापड चार ते सहा तासांनी बदलावे. शाळेत मिळणारी साप्ताहिक लोहगोळी घेण्यास नातीला प्रोत्साहन द्यावे.

मुलीमध्ये ८ वर्षांपूर्वी किंवा मुलामध्ये ९ वर्षांपूर्वी बदल दिसल्यास, मुलीला १३ पर्यंत स्तनवाढ किंवा १५ पर्यंत पाळी नसल्यास, मुलामध्ये १४ पर्यंत कोणताच बदल नसल्यास, रक्तस्राव सात दिवसांहून अधिक चालल्यास अथवा दर तासाला पॅड भिजत असल्यास डॉक्टरांना दाखवावे. पहिली दोन-तीन वर्षे पाळी थोडी अनियमित असणे मात्र स्वाभाविक आहे.

नातवंडाच्या एखाद्या प्रश्नाचे उत्तर ठाऊक नसेल, तर रागावू नये. ‘डॉक्टरांना विचारून उद्या सांगते’ म्हणावे आणि दुसऱ्या दिवशी आठवणीने सांगावे. असे झाले, की पुढचा प्रश्नही ते आपल्यालाच विचारील.