माणदेशचे पाणी आणि सांगोल्याचे आबासाहेब

सोलापूर जिल्ह्यातील सांगोला मतदारसंघातून गणपतराव ऊर्फ आबासाहेब देशमुख महाराष्ट्र विधानसभेवर अकरा वेळा निवडून आले. पहिला विजय १९६२ चा, अकरावा २०१४ चा. ज्यांनी पहिल्या निवडणुकीत त्यांच्या नावापुढे शिक्का मारला, त्यांच्या नातवंडांनी शेवटच्या निवडणुकीत यंत्रावरचे बटण दाबले. मधल्या काळात दोन पराभव झाले. १९७२ ची निवडणूक ते काँग्रेसच्या उमेदवाराकडून हरले आणि १९७४ च्या पोटनिवडणुकीत परत आले. १९९५ मध्ये शहाजीबापू पाटील यांनी त्यांना अवघ्या १९२ मतांनी हरवले. पराभवांची ही वर्षे वजा केली, तरी एकाच मतदारसंघाचे आणि एकाच पक्षाचे आमदार म्हणून त्यांचा काळ पन्नास वर्षांच्या आसपास भरतो.

त्यांचा जन्म १० ऑगस्ट १९२६ रोजी मोहोळ तालुक्यातील पेनूरचा. पुण्यात कायद्याचे शिक्षण, मग सांगोल्यात वकिली, आणि विद्यार्थिदशेतच जडलेला शेतकरी कामगार पक्ष (शेकाप). केशवराव जेधे, शंकरराव मोरे आदींनी काँग्रेसमधून बाहेर पडून उभारलेला हा पक्ष १९६७ मध्ये १९ आमदारांचा होता, १९७२ मध्ये तो सातांवर आला. रायगडात, नांदेडच्या कंधारात, कोल्हापुरात आणि सांगोल्यात त्याची मुळे खोल होती. अनेक जण सत्तेकडे सरकले, तरी गणपतरावांच्या खांद्यावर लाल बावटाच राहिला.

त्यांचे राजकारण समजायचे तर सांगोल्याची जमीन पाहावी लागते. पंढरपूरकडून सांगोल्याला निघाले की भीमाकाठचा ऊस काही मैलांतच विरळ होत जातो. मग उघडे माळ, बाभळी, ज्वारीची ताटे आणि मेंढरांचे कळप सुरू होतात. हा माणदेश. सह्याद्रीला अडलेले ढग इथवर येईपर्यंत रिकामे झालेले असतात. साताऱ्याच्या डोंगरात उगम पावणारी माण नदी आटपाडी, सांगोला, मंगळवेढा असा प्रवास करून भीमेला मिळते, पण वर्षातले बरेच महिने तिच्या पात्रात वाळूच दिसते. खिलार बैलांची जात याच मुलखाने जोपासली. ग. दि. माडगूळकर आणि व्यंकटेश माडगूळकर हे भाऊ शेजारच्या आटपाडी भागातले. व्यंकटेश माडगूळकरांच्या ‘बनगरवाडी’ कादंबरीतला दुष्काळ ज्यांनी वाचला आहे, त्यांना या मातीची वेगळी ओळख करून द्यावी लागत नाही. अशा मतदारसंघात आमदाराला विचारला जाणारा पहिला प्रश्न पाण्याचा असतो, दुसरा चाऱ्याचा आणि तिसरा कामाचा.

पाण्याची गोष्ट मोठी आहे आणि ती सविस्तरच सांगायला हवी. कृष्णेचे पाणी महाराष्ट्र, कर्नाटक आणि तेव्हाच्या आंध्र प्रदेशात वाटून देण्यासाठी १९६९ मध्ये बच्छावत लवाद नेमला गेला. त्याच्या निवाड्यानुसार महाराष्ट्राच्या वाट्याला ५६० अब्ज घनफूट (टीएमसी) पाणी आले. फेरविचारासाठी मे २००० ही मुदत होती आणि तोवर राज्याने आपला वाटा अडवून वापरात आणणे गरजेचे होते. पाणी कागदावर मिळाले, पण दुष्काळी तालुक्यांपर्यंत ते पोहोचणार कसे? कृष्णा सखल भागातून वाहते आणि माणदेशचे पठार तिच्यापेक्षा बरेच उंच आहे. कालवा खोदून पाणी आपोआप चढत नाही. ते टप्प्याटप्प्याने पंपांनी उचलावे लागते, म्हणजे धरणाच्या खर्चाबरोबर विजेचाही खर्च आला. सिंचनखात्याच्या हिशेबात अशा योजना न परवडणाऱ्या ठरत, आणि नदीकाठचा ऊस भिजत असताना वरचा माळ कोरडा राही.

या हिशेबालाच आव्हान देणारी चळवळ १९९३ मध्ये आटपाडीत उभी राहिली. स्वातंत्र्यलढ्यातल्या प्रतिसरकारचे सेनानी क्रांतिवीर नागनाथअण्णा नायकवडी तिचे अग्रणी, डॉ. भारत पाटणकर तिची मांडणी करणारे, आणि गणपतराव देशमुख तिचा विधानसभेतला आवाज. सांगली, सातारा, सोलापूर या जिल्ह्यांतले तेरा दुष्काळी तालुके एकत्र आले. आटपाडीची पाणी परिषद वर्षामागून वर्षे भरत राहिली. तिची मागणी समन्यायी वाटपाची होती. नदीकाठच्याला भरपूर आणि माळावरच्याला काहीच नाही, हे चालणार नाही. खोऱ्यातल्या प्रत्येक कुटुंबाला पाण्याचा हक्काचा वाटा हवा. महाराष्ट्रातल्या पाणीविचाराला या परिषदेने दिलेले वळण फार मोलाचे आहे, आणि त्याची नोंद अजून पुरेशी झालेली नाही.

१९९६ मध्ये कृष्णा खोरे विकास महामंडळ स्थापन झाले. कऱ्हाडजवळ कृष्णेतून पाणी उचलणारी टेंभू योजना आणि मिरज तालुक्यातून सुरू होणारी म्हैसाळ योजना यांची कामे पुढे सरकली. सांगोला तालुक्याचा काही भाग या दोन्ही योजनांच्या लाभक्षेत्रात येतो. पाणी प्रत्यक्ष पोहोचायला मात्र बराच काळ गेला. निधी अडायचा, भूसंपादन अडायचे, आणि सगळे जुळले तरी वीजबिल थकले की पंप बंद पडायचे. पुढे बिलाचा ८१ टक्के भार शासनाने आणि १९ टक्के भार शेतकऱ्यांनी उचलायचा, असे सूत्र ठरले. एकेका टप्प्यासाठी सभागृहात पुन्हा पुन्हा उभे राहणारा माणूस लागतो, तो सांगोल्याला मिळाला.

छोट्या पक्षाच्या आमदाराला सभागृहात काय करता येते, हा प्रश्न इथे येतोच. हाताशी संख्याबळ नसले, तरी नियमांचे पुस्तक असते. तारांकित प्रश्नाला मंत्र्याला उभे राहून तोंडी उत्तर द्यावे लागते आणि त्यावर उपप्रश्न विचारता येतात. अतारांकित प्रश्नाचे उत्तर फक्त लेखी मिळते. तातडीच्या विषयावर लक्षवेधी सूचना मांडता येते, उत्तराने समाधान झाले नाही तर अर्ध्या तासाची चर्चा मागता येते. अर्थसंकल्पातल्या मागण्यांवर कपात सूचना देऊन आमदार एखाद्या खात्याचा कारभारच चर्चेला आणू शकतो. सूचना मंजूर होण्याची शक्यता नसली, तरी त्या निमित्ताने बोललेले कामकाजाच्या नोंदीत कायम राहते. शेकापच्या आमदारांनी ही आयुधे मन लावून वापरली. कंधारचे केशवराव धोंडगे त्यात आक्रमक, तर गणपतराव शांत, आकडेवारी तयार ठेवून बोलणारे. १९७७-७८ मध्ये त्यांच्याकडे विरोधी पक्षनेतेपद होते. सभागृहात वेळेवर येऊन पूर्ण वेळ बसणारा सदस्य म्हणून सर्व पक्षांत त्यांना मान होता. सत्तर-ऐंशी वर्षांचा आमदार एसटीच्या बाकावर इतर प्रवाशांसारखा बसलेला दिसणे हेही सांगोलेकरांना नवे नव्हते.

सत्तेत ते थोडाच काळ होते. १९७८ मध्ये शरद पवारांच्या पुरोगामी लोकशाही दलाच्या (पुलोद) मंत्रिमंडळात ते मंत्री झाले. ते सरकार १९८० च्या फेब्रुवारीत बरखास्त झाले. १९९९ मध्ये विलासराव देशमुखांच्या आघाडी सरकारात त्यांच्याकडे पणन आणि रोजगार हमी ही खाती आली. रोजगार हमीचा माणदेशाशी जवळचा संबंध आहे. विधान परिषदेचे सभापती वि. स. पागे यांच्या कल्पनेतून तिचा पहिला प्रयोग १९६५ मध्ये तासगाव तालुक्यात झाला, १९७२ च्या दुष्काळात ती राज्यभर पसरली आणि १९७७ मध्ये तिचा कायदा झाला. खडी फोडणाऱ्या आणि पाझर तलावाची माती वाहणाऱ्या माणसांच्या मतांवर निवडून आलेल्या आमदाराने त्या खात्याचा मंत्री होणे, हे फार समर्पक होते. २००२ मध्ये शेकापने आघाडीचा पाठिंबा काढला आणि मंत्रिपद संपले.

रोजगार हमी योजनेशीच १९९० मध्ये फळबाग लागवड जोडली गेली आणि सांगोल्याचा चेहरा बदलू लागला. डाळिंबाला पाणी कमी लागते, हलकी जमीन चालते, कोरडी हवा मानवते. ‘भगवा’ वाणाने बाजार मिळवला. अजनाळे गाव शेततळ्यांसाठी राज्यभर ओळखले जाऊ लागले. तेल्या आणि मर या रोगांनी बागा उद्ध्वस्त केल्या, तेव्हा अनेकांनी पुन्हा लागवड केली. डिसेंबर २०२० मध्ये देशातली शंभरावी किसान रेल्वे सांगोला स्थानकातून पश्चिम बंगालमधील शालिमारला रवाना झाली. कापूस फारसा न पिकणाऱ्या याच तालुक्यात गणपतरावांच्या नेतृत्वाखाली शेतकरी सहकारी सूतगिरणी उभी राहिली. राज्यातल्या अनेक सहकारी गिरण्या बंद पडल्या, पण सांगोल्याची गिरणी चालत राहिली आणि तालुक्यातल्या तरुणांना गावाजवळ काम मिळाले.

वयाच्या नव्वदीनंतर त्यांनी २०१९ ची निवडणूक लढवली नाही. त्यांचे नातू अनिकेत देशमुख उभे राहिले आणि शहाजीबापू पाटील यांच्याकडून ७६८ मतांनी हरले. ३० जुलै २०२१ रोजी सोलापूर येथे गणपतरावांचे निधन झाले. २०२४ मध्ये दुसरे नातू डॉ. बाबासाहेब देशमुख यांनी शहाजीबापूंचा पंचवीस हजारांहून अधिक मतांनी पराभव केला. त्या विधानसभेत शेतकरी कामगार पक्षाचा एकच आमदार निवडून आला, तो सांगोल्यातून.