मधात मुरलेली तुळस

तुळशीचं लग्न लागलं, पाऊस पूर्ण ओसरला आणि सकाळी हवेत कोरडा गारवा जाणवू लागला की मी वृंदावनातल्या तुळशीच्या मंजिऱ्या खुडते आणि वाढलेले शेंडे छाटते. खाली पडलेल्या पानांचा वास तळहाताला दुपारपर्यंत राहतो. हाच वास पुढच्या पावसाळ्यापर्यंत बरणीत धरून ठेवायचा, तर त्याला मधासारखं दुसरं घर नाही.

पहिल्या वर्षी मात्र माझी बरणी फसली. ताजी पानं धुतली, पंच्यावर जरा निथळवली आणि मधात टाकली. नवव्या दिवशी झाकण उघडताना फस्स आवाज आला. वर पांढरा फेस होता आणि वास ताडीसारखा आंबूस. अर्धा किलो मध टाकून द्यावा लागला. मध कधी खराब होत नाही असंच लहानपणापासून ऐकलं होतं, म्हणून तो का आंबला याचा मी शोध घेत बसले. त्या शोधातून जे कळलं, त्यावरच ही सगळी कृती उभी आहे.

मध टिकतो कशामुळे?

फुलातल्या मकरंदात बहुतांश पाणीच असतं, अनेकदा सत्तर टक्क्यांहूनही जास्त. मधमाश्या तो पोळ्यात आणतात, तोंडातोंडी एकमेकींना देतात, पातळ थरात पसरतात आणि रात्रंदिवस पंखांनी वारा घालून त्यातलं पाणी उडवतात. पाणी साधारण 18 ते 20 टक्क्यांवर आलं की पोळ्यातल्या त्या छोट्या घरावर मेणाचं झाकण बसतं. इतक्या दाट साखरेत जंतूंना आणि यीस्टला वापरता येईल असं मोकळं पाणीच उरत नाही. मध आम्लही असतो, त्याचा सामू साधारण 4 च्या आसपास असतो. टिकण्याचं मुख्य कारण मात्र पाण्याचा अभाव. अन्नसुरक्षेच्या नियमांतही आपल्याकडे मधात 20 टक्क्यांपेक्षा जास्त पाणी चालत नाही.

मधात साखर सोसणारं यीस्ट आधीपासूनच असतं, पण निजलेलं. पाणी वाढलं की ते जागं होतं. माझ्या बरणीत नेमकं हेच घडलं.

हा हिशेब एकदा करून पाहण्यासारखा आहे. अर्धा किलो मधात 18 टक्के म्हणजे 90 ग्रॅम पाणी असतं. तुळशीच्या 100 ग्रॅम ताज्या पानांत सुमारे 85 ग्रॅम पाणी असतं. दाट साखर पानातलं पाणी बाहेर ओढून घेते. मीठ लावलेल्या काकडीला पाणी सुटतं, तसंच. ते सगळं पाणी मधात उतरलं, तर 585 ग्रॅम पाकात 175 ग्रॅम पाणी, म्हणजे जवळजवळ 30 टक्के. तीच पानं आधी वाळवली तर त्यांत दीड-दोन ग्रॅमच पाणी उरतं आणि मध 18 टक्क्यांच्या थोडा वर राहतो. पानं तीच, मध तोच, पण एक बरणी आठवड्यात आंबते आणि दुसरी वर्षभर टिकते. माश्यांनी पंखांनी उडवलेलं पाणी आपण परत ओतायचं नाही, एवढं एक सूत्र धरलं की पुढचं सगळं आपोआप सुचत जातं.

घरातली मोठी माणसं आल्याचा ताजा रस मधात कालवून देतात आणि त्याला काही होत नाही, हेही याच सूत्रात बसतं. ते चाटण असतं. वाटीत कालवलं आणि लगेच चाटलं, त्याला आंबायला वेळच मिळत नाही. मुरवून ठेवायचं असेल तेव्हा मात्र आल्याच्या जागी सुंठ येते. आल्याची सुंठ कशाला करून ठेवायची, याचं एक उत्तर मला या बरणीने दिलं.

मध कोणता घ्यावा?

महाबळेश्वरच्या परिसरात जांभळाचा, हिरड्याचा आणि बऱ्याच वर्षांनी एकदा फुलणाऱ्या कारवीचा मध मिळतो. त्याच तालुक्यातल्या मांघरला 2022 मध्ये ‘मधाचे गाव’ अशी ओळख मिळाली. जांभळाच्या मधाला स्वतःची तुरट-कडसर चव असते. असा मध नुसताच खावा, त्यात दुसरं काही मिसळून त्याची चव झाकू नये. मुरवण्यासाठी सौम्य चवीचा, अनेक फुलांचा मध बरा. मोहरीच्या मधाला रवा फार लवकर धरतो आणि मग तो गाळताना जीव जातो, म्हणून तो या कामाला नको.

दाटपणा नक्की पाहावा. आपल्याकडच्या सातेरी आणि आग्या माश्यांचा मध, विशेषतः दमट रानातला, मुळातच पातळ असू शकतो. चमच्यावरून पाण्यासारखा धावणारा मध कितीही शुद्ध असला तरी मुरवायला घेऊ नका. ओळखीच्या मधपाळाकडून घेत असाल तर एवढंच विचारा, की मध मेणाने बंद झालेल्या घरांतला आहे ना. पाण्याच्या ग्लासात थेंब सोडणं, कागदावर टिपून बघणं या घरगुती परीक्षांवर विसंबू नये. साखरेचा दाट पाकही त्यांत सहज उत्तीर्ण होतो.

पानं वाळवणं

सगळ्या कामातला मोठा वेळ इथेच जातो आणि तो द्यायलाच हवा. दव उडाल्यावर, पण ऊन चढायच्या आत पानं खुडावीत. धुवायची असतील तर आदल्या संध्याकाळी झाडावरच पाणी शिंपडून धुवावीत, म्हणजे रात्रभरात ती झाडावरच सुकतात. सुपात किंवा सुती फडक्यावर एकावर एक न येतील अशी पसरावीत आणि वारा येईल अशा सावलीत ठेवावीत. उन्हात वाळवू नयेत. तुळशीचा लवंगेसारखा वास ज्या उडनशील तेलाचा असतो ते उन्हात भराभर निघून जातं. मग हाती राहतो नुसता पाला.

कोरड्या हवेत चार ते सहा दिवस पुरतात. चुरगाळल्यावर पान कुरकुरत मोडायला हवं. वाकलं तर अजून ओल आहे. स्वयंपाकघरात वजनकाटा असेल तर त्याहून पक्की परीक्षा आहे. 100 ग्रॅम ताज्या पानांचं वजन उतरत उतरत 16-17 ग्रॅमवर येतं आणि सलग दोन दिवस तिथेच थांबतं. तेव्हा पानं तयार समजावीत. वाळलेली पानं हाताने जाडसर चुरावीत. मिक्सरमधून पूड करू नये, कारण पूड मधातून पुन्हा गाळून निघत नाही आणि मध गढूळ होतो.

बरणी भरणं

पाऊण लिटरची रुंद तोंडाची काचेची बरणी घ्या. ती आणि तिचं झाकण गरम पाण्याने धुवून उन्हात पूर्ण कोरडं करा. झाकणाच्या आट्यांत अडकलेलं पाणीही टिपून घ्या. आधी चुरलेली पानं घाला, साधारण कपभर भरतील. त्यावर अर्धा किलो मध धारेने सोडा. कोरड्या लाकडी काडीने कडेकडेने ढवळत हवेचे बुडबुडे वर येऊ द्या, मध थोडा खाली बसेल. झाकण घट्ट लावा आणि बरणीवर तारीख लिहा.

दुसऱ्या दिवशी सगळी पानं वर तरंगताना दिसतील. मध पाण्याच्या जवळजवळ दीडपट जड असतो, त्यामुळे पानं वर येतातच. वरचा हवेतला थर मुरत नाही आणि बिघाड सुरू होतो तो तिथूनच. म्हणून रोज एकदा बरणी उलटी करायची, दुसऱ्या दिवशी सुलटी. मध संथपणे पानांतून उतरताना दिसतो. रोजच्या दिवाबत्तीबरोबर हे केलं की विसरायला होत नाही.

मुरायला इतका वेळ का लागतो? चहात साखर विरघळते तसं इथे होत नाही. मध पाण्यापेक्षा हजारो पटींनी दाट असतो, त्यामुळे पानातली चव त्यात फार सावकाश सरकते. ऊब मिळाली की मध पातळ होतो आणि काम वेगाने होतं. म्हणून बरणी घरातल्या उबदार, अंधाऱ्या फळीवर ठेवावी. तुळशीला तीन-चार आठवडे लागतात. दहाव्या दिवसापासून कोरड्या चमच्याने चव बघत जावं आणि आपल्याला हवी तेवढी उतरली की थांबावं.

घाई असेल तर पातेल्यात कोमट पाणी घेऊन बरणी त्यात तासभर ठेवता येते, आठवडाभर रोज. पाणी हाताला सहज सोसेल इतपतच, 40 अंशांच्या आत. पोळ्यात पिल्लांच्या भागातलं तापमानही माश्या 35 अंशांच्या आसपास राखतात, तेवढी ऊब मधाला परकी नाही. गॅसवर मात्र मध चढवू नये. जास्त उष्णतेने त्यातली विकरं निकामी होतात आणि सुगंध उडून जातो. मध तापवू नये असं आयुर्वेदही सांगत आला आहे.

गाळताना बरणी अशीच कोमट पाण्यात ठेवून मध पातळ करून घ्यावा आणि स्टीलच्या बारीक गाळणीतून सावकाश उतरू द्यावा. दाबून पिळू नये. गाळणीत राहिलेल्या पानांवर गरम पाणी ओतलं की दोन कप सुंदर काढा होतो.

दुसऱ्या वनस्पती, आणि दोन इशारे

याच रीतीने सुंठेचे ठेचलेले तुकडे, ज्येष्ठमधाच्या काड्या, वाळवलेला गवती चहा, देशी गुलाबाच्या वाळलेल्या पाकळ्या मुरवता येतात. वेलची, दालचिनी, लवंग उग्र असतात. अर्धा किलोला पाच-सहा लवंगा पुरे, आणि त्या आठवड्याभरात काढाव्यात. पानओव्याचं पान मात्र इतकं मांसल असतं की घरी ते आतपर्यंत वाळत नाही, ते भज्यांसाठीच ठेवावं. ताजं आलं किंवा लसूण मधात घालायचंच असेल तर वाटीभरच करावं, फ्रिजमध्ये ठेवावं आणि तीन-चार दिवसांत संपवावं. जमिनीतून येणाऱ्या लसणावर बोटुलिझम या विषबाधेच्या जंतूंची बीजं असू शकतात. मध पातळ झाला, वर हवाबंद झाकण असलं, की लसणाभोवतीच्या पाण्यात त्यांना जागा मिळण्याचा धोका असतो.

दुसरा इशारा त्याहून महत्त्वाचा आहे. बारा महिने पूर्ण झाल्याशिवाय बाळाला मध देऊ नये: बोटाला लावून नाही, गुटीत कालवून नाही, बारशाला शुभ म्हणून थेंबभरही नाही. शुद्धातल्या शुद्ध मधातही बोटुलिझमची बीजं असू शकतात. मोठ्यांच्या आतड्यात ती सहसा रुजत नाहीत, तान्ह्याच्या आतड्यात रुजू शकतात आणि बाळाचे स्नायू लुळे पडतात. नवजात बाळाच्या जिभेवर मध लावायची रीत आपल्याकडे जुनी आणि मायेची आहे, हे मला ठाऊक आहे. ती सोडताना घरातल्या मोठ्यांना वाईट वाटतं, म्हणून त्यांना हे कारण शांतपणे सांगावं. मधुमेह असलेल्यांनीही हा मध साखरेइतकाच जपून खावा, तुळस घातल्याने त्यातली साखर कमी होत नाही.

गाळलेला मध कोरड्या बाटलीत, अंधारात, नेहमीच्या तापमानाला ठेवावा. थंडीत त्याला रवा धरला तर घाबरू नये. ती मधातली द्राक्षशर्करा असते, कोमट पाण्यात बाटली ठेवली की विरघळते. फेस, आंबूस वास किंवा फुगलेलं झाकण दिसलं तर मात्र मोह न धरता टाकून द्यावं. आणि आषाढात दमट हवा घरभर भरते तेव्हा बाटली उघडी ठेवू नये, मध हवेतूनही पाणी पितो.

माझ्या बाटलीशेजारी आता एक वेगळा चमचा असतो आणि तो दुसऱ्या कशालाही वापरायचा नाही, असा घरात नियम आहे. जुलैच्या एखाद्या रात्री कोणाचा तरी घसा धरतो, तो कोरडा चमचा बाटलीत जातो आणि झाकण उघडताच कार्तिकातल्या तुळशीचा वास येतो.